अपीडयन् : श्राद्धाच्या स्वयंपाकघरात भेटलेला एक शब्द



आजचं वाचन : श्रीमद्भागवत, एकादश स्कंध, अध्याय १७. गृहस्थाश्रमाचा भाग, शेवटचे आठ-दहा श्लोक.

या अध्यायात उद्धव भगवंताला विचारतो की वर्णाश्रमाचा धर्म पाळत असतानाच तुझी भक्ती कशी करायची, आणि भगवंत एकेका आश्रमाबद्दल सांगत जातात. ब्रह्मचाऱ्याचा भाग आपण आधी पाहिला. आज घरवाल्यांचा, म्हणजे तुमचा-माझा.

हा भाग मी याआधी निदान चार वेळा वाचला असेन. प्रत्येक वेळी माझी नजर पुढच्या प्रसिद्ध श्लोकावर जायची, जिथे बायको-मुलं-नातेवाईक यांची भेट म्हणजे वाटेवर भेटलेल्या प्रवाशांसारखी असं म्हटलंय. वैराग्याचा श्लोक आहे, ऐकायला भारदस्त वाटतो, स्टेटसला ठेवायलाही छान. त्याच्या जरा आधीचे दोन श्लोक मात्र मी सरसर ओलांडून जायचो. त्यात आहे काय, तर गृहस्थाने रोज देव, ऋषी, पितर आणि सगळे जीव यांची पूजा करावी, ती सगळी माझीच रूपं समजून करावी. आणि पुढे, आपोआप आलेल्या किंवा सरळ मार्गाने मिळवलेल्या पैशातून यज्ञयागादी कर्मं करावीत. नेहमीचंच की. पंचमहायज्ञ, माहीत आहे, पुढे चला.

गेल्या वर्षी पितृपक्षानंतर हाच भाग पुन्हा वाचनात आला आणि दोन शब्दांवर गाडी अडली. पहिल्या श्लोकातला 'यथोदयम्', म्हणजे आपल्या ऐपतीनुसार, जसं जमेल तसं. आणि दुसऱ्या श्लोकातला 'अपीडयन्', म्हणजे पीडा न देता. कोणाला पीडा न देता? तिथेच लिहिलंय : भृत्यांना. भृत्य म्हटलं की आपल्याला नोकर आठवतो, पण शब्द 'भृ' धातूवरून आलाय, भरण-पोषणातला भृ. ज्यांचं भरण आपल्याकडे आहे ते सगळे भृत्य. म्हणजे घरातली माणसं. म्हणजे श्लोक असं म्हणतो की धर्मकर्म जरूर कर, पण घरातल्या माणसांना न पिडता कर. ही अट बाहेरून कोणी सुधारकाने चिकटवलेली नाही. कर्म सांगणाऱ्या वाक्याच्या आतच ती बसवलेली आहे.

आता हा शब्द माझ्या डोळ्यात का खुपला ते सांगतो. सांगायला जड जातंय, पण वाचन रोज इथे मांडायचं आणि हे लपवायचं, हे बरोबर नाही.

बाबांना जाऊन नऊ वर्षं झाली. भाद्रपद वद्य दशमीला त्यांचा महालय असतो. आमचं घर सिडकोत, जुनं. मी २०२० मध्ये पुण्याहून लॅपटॉप घेऊन इकडे आलो तो इथलाच झालो. श्राद्धाचा स्वयंपाक आमच्याकडे पूर्ण सोवळ्यात. ज्यांच्या घरी हे नाही त्यांच्यासाठी थोडं सांगतो : आदल्या दिवशी धुऊन उंच दांडीवर वाळत टाकलेलं वस्त्र, ज्याला मग कोणी शिवायचं नाही. ते नसेल तर ओलेत्याने. पहाटे चारला आंघोळ. भाज्या किती, तर मोजून नाही सांगता येणार : अळूची पातळ भाजी, कारलं, गवार, भोपळा, भेंडी, शिवाय उडदाचे वडे, तांदळाची खीर, कढी, आमसुलाची चटणी, पुरण. कांदा-लसूण नाहीच, आणि बाहेरून आणलेलं काहीही नाही. त्यात आमच्या शहरात नळाला रोज पाणी येत नाही. त्यामुळे सोवळ्याचं पाणी आधीच वेगळं भरून ठेवायचं, आणि ते कोणी चुकून शिवलं तर पुन्हा पंचाईत.

हे सगळं आई एकटी करायची. तिचं वय सदुसष्ट, गुडघे दोन्ही गेलेले. आधीची दोन-तीन वर्षं बायको सोवळं नेसून हाताशी असायची. गेल्या वर्षी तिची अडचण आली, त्याच दिवशी सकाळी. ती रजा टाकून बसलेली, आणि बसली होती आतल्या खोलीत, दार लोटून.

साडेअकराला बाहेरच्या खोलीत श्राद्ध चालू होतं. मी अपसव्य, बोटात दर्भाचं पवित्रक, समोर गुरुजी आणि क्षण दिलेले दोन ब्राह्मण. गुरुजींनी बाबांचं नाव आणि गोत्र उच्चारलं आणि मी ते म्हणत होतो, तेवढ्यात आतून पातेलं पडल्याचा आवाज आला. पाठोपाठ आणखी एक आवाज. मग काहीच नाही.

मी उठलो नाही. गुरुजी थबकले, माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली, चालू द्या म्हणून.

आत काय झालं ते मला संध्याकाळी कळलं. ओल्या फरशीवर आईचा पाय सरकला होता. आवाज ऐकून बायको धावत स्वयंपाकघराच्या दारापर्यंत आली. आई जमिनीवर बसलेली, आणि तिथूनच हात वर करून म्हणाली, "अगं, शिवू नकोस! सगळं जाईल." बायको उंबऱ्यावर उभी राहिली. तिच्यासमोर तिची सासू ओट्याला धरून, एका हाताने, दोन-तीन प्रयत्नांत स्वतः उठली. आणि मग तिने पानं वाढली. डाव्या हाताने. ब्राह्मणांचं जेवण झालं, पिंड झाले, कावळ्याला पान ठेवलं, गुरुजींना दक्षिणा दिली, तोवर दोन वाजले. मग आई म्हणाली, "जरा हात दुखायलाय रे." मनगटाचं हाड मोडलं होतं. सहा आठवडे प्लास्टर.

रात्री बायको भांडली नाही. तिने एकच विचारलं, "त्या वेळी मी आत जायला हवं होतं की नाही, एवढं सांग. पुढच्या वेळेसाठी."

माझ्याकडे उत्तर नव्हतं. रोज सकाळी इथे शास्त्र लिहिणाऱ्या माणसाकडे.

त्यानंतर महिनाभराने 'अपीडयन्' हा शब्द वाचला. पाच अक्षरं, शेवटचा हलन्त न् धरून. मी पुस्तक मिटून ठेवलं.

आता या श्लोकावर जरा रेंगाळू. पहिला प्रश्न, शास्त्र खरंच 'यथोदयम्' मानतं का, की आपल्या सोयीचा अर्थ काढतोय आपण? यासाठी विष्णुपुराणाचा तिसरा अंश उघडा, चौदावा अध्याय. और्व ऋषी सगर राजाला श्राद्ध सांगताहेत आणि त्यात पितरांचं स्वतःचं म्हणणं आलंय, त्याला पितृगीता म्हणतात. पितर म्हणतात की आमच्या कुळात असा कोणी निपजो, जो पैसा असेल तर आमच्यासाठी रत्नं, वस्त्रं, वाहनं दान देईल. तेवढं नसेल तर यथाशक्ती अन्न देईल. शिजवलेलं जमलं नाही तर कच्चं धान्य. तेही नाही तर मूठभर तीळ. नाहीतर सात-आठ तीळ टाकलेलं ओंजळभर पाणी. नाहीतर कुठून तरी एक दिवसाचा चारा आणून गायीला घालेल. आणि हातात काहीच नसेल, तर रानात जाऊन दोन्ही हात वर करून मोठ्याने सांगेल की माझ्याकडे धन नाही, श्राद्धाला लागणारं काही नाही, मी पितरांना नमस्कार करतो, माझ्या भक्तीने ते तृप्त होवोत.

पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला हसू आलं, कारण आमच्या कामाच्या भाषेत हे चक्क फॉलबॅक आहेत, एकाखाली एक लावलेले. पण नंतर लक्षात आलं की शेवटच्या पायरीवरचा माणूस रिकाम्या हाताने उभा असला तरी तो काही लपवत नाही. नाही म्हणून सांगतो. घरून निघून, रानात जाऊन, हात वर करून सांगतो. न जमणं वेगळं आणि टाळणं वेगळं, हे त्यातून दिसतं.

हा फरक मला काकांनी दाखवला, जरी त्यांना ते दाखवायचं नव्हतं. आईच्या हाताचं कळल्यावर काका भेटायला आले आणि मी म्हणालो की पुढच्या वर्षीपासून आपण सोवळं शिथिल करू, शिधा देऊन आमश्राद्ध करू, शास्त्रात आहे. काका शांतपणे म्हणाले, "आज सोवळं सोडशील. उद्या तिथी सोडशील, रविवारी करशील. परवा बापाचं नाव सोडशील. पुण्याला असताना दोन वर्षं काय केलं होतंस रे तू?"

पुण्याला असताना दोन वर्षं मी काहीच केलं नव्हतं. एकदा रिलीज होती, एकदा काय होतं ते आठवतही नाही. एका संस्थेला फोनवरून पैसे पाठवले आणि स्वतःला सांगितलं की हेच खरं श्राद्ध, बाकी कर्मकांड. काकांना ते माहीत होतं. म्हणून माझं पितृगीतेचं सगळं पाठांतर तिथल्या तिथे संपलं. शास्त्राने सवलत दिलीय हे खरं. मी ती मागायला लायक होतो का, हा काकांचा प्रश्न होता, आणि तो रास्त होता.

आपल्या पिढीत हे फार होतं बघा. आपण परंपरा बदलतो तेव्हा तोंडात संत असतात आणि खिशात सोय असते. आणि मोठी माणसं नेमकी तीच ओळखतात.

मग नाथांकडे वळावंच लागतं. पैठण आमच्यापासून पन्नास-पंचावन्न किलोमीटर. एकादश स्कंध मराठीत घरोघरी पोचला तो एकनाथ महाराजांमुळे, अठरा हजारांहून अधिक ओव्या, पहिले पाच अध्याय पैठणला झाले आणि ग्रंथ शके १४९५ मध्ये, म्हणजे १५७३ साली काशीत पुरा झाला. म्हणजे ज्या अध्यायाचं आज वाचन करतोय त्याच्यावर पानंच्या पानं लिहिणारा माणूस स्वतः घरवाला होता. बायको, मुलगा, मुली, येणारे-जाणारे, रोजचं अन्नदान. देवगिरीवर गुरू जनार्दनस्वामींकडे राहिले, तीर्थयात्रा केली, आणि मग गुरूच्या आज्ञेने पैठणला परतून संसार मांडला. गृहस्थधर्मावर लिहायला याहून योग्य माणूस कोण?

त्यांच्या घरच्या श्राद्धाची गोष्ट तुम्हाला ठाऊक असणार. महिपतींनी ती सांगितली आहे, अठराव्या शतकात. पितृश्राद्धाचा स्वयंपाक झालेला, घमघमाट सुटलेला. घरावरून जाणाऱ्या, अस्पृश्य मानलेल्या भुकेल्या माणसांना तो वास आला, त्यांच्या पोराला खावंसं वाटलं. नाथांनी आणि गिरिजाबाईंनी तो सगळा स्वयंपाक त्यांना वाढून टाकला. मग गावातले ब्राह्मण जेवायला येईनात. शेवटी नाथांचे पितरच प्रत्यक्ष येऊन पानांवर बसले, अशी कथा आहे. १९३५ साली प्रभातने 'धर्मात्मा' काढला, त्यात बालगंधर्व एकनाथ झाले होते. एवढी ही कथा आपल्या हाडीमाशी खिळलेली.

आपण ही कथा सांगतो ती समतेची म्हणून, आणि ते बरोबरच आहे. पण मी या वेळी वाचताना एका मधल्या गोष्टीपाशी थांबलो. पहिला स्वयंपाक वाटून टाकल्यावर नाथांनी काय केलं? पुन्हा नव्याने स्वयंपाक केला. घर सारवून, आंघोळी करून, दुसऱ्यांदा सगळं रांधलं. त्यांनी असं म्हटलं नाही की भुकेल्याच्या पोटी गेलं, झालं श्राद्ध, आता विश्रांती. म्हणजे नाथांनी रूढी मोडली तेव्हा त्यांचं काम दुप्पट झालं. आम्ही मोडतो तेव्हा आमचं काम निम्मं होतं. काकांना हेच तर खुपत होतं!

आणि आता दुसरी बाजू. दुप्पट झालं ते काम कोणाच्या अंगावर पडलं? दुसऱ्यांदा चुलीपुढे कोण बसलं? गिरिजाबाई. महिपतींच्या कथेत त्या नवऱ्याच्या मागे गुपचूप उभ्या नाहीत, त्या देण्यात त्यांचा पूर्ण वाटा आहे, हे मला फार मोलाचं वाटतं. त्यांच्यावर लादलं असतं तर ती कथाच वेगळी झाली असती. तरीही चुलीपाशी त्याच. चारशे वर्षांत ओटा आला, गॅस आला, पण पहाटे चारला उठणारं माणूस बदललं नाही.

नाथांच्या घरातली दुसरी कथा मला याहून जवळची वाटते, ती हरिपंडितांची. नाथांचा मुलगा, संस्कृतचा गाढा विद्वान. त्याला वडिलांचं वागणं पटेना : प्राकृतात पुराण सांगतात, कोणाच्याही घरी जेवतात. म्हणजे आपल्याकडे जे चित्र असतं, जुना बाप आणि नवा मुलगा, ते इथे बरोबर उलटं. चिडून हरिपंडित काशीला निघून गेले. नाथ स्वतः काशीला गेले, समजूत काढली. मुलाने अटी घातल्या : मराठीत प्रवचन बंद, परान्न बंद. आणि नाथांनी त्या मान्य केल्या.

मला इथे दरवेळी धक्का बसतो. ज्या मराठीसाठी काशीच्या पंडितांपुढे उभे राहिले, ती मुलासाठी सोडून दिली? पुढे हरिपंडितांच्या प्रवचनाची गर्दी ओसरली. मग सहस्रभोजनाचा संकल्प राहून गेलेल्या एका बाईच्या घरी, एकट्या नाथांना जेवू घातलं आणि हरिपंडितांनी उष्टी पत्रावळ उचलली तर खाली आणखी एक, ती उचलली तर आणखी एक, अशा हजार निघाल्या, आणि मुलगा वडिलांच्या पायावर आला, असं महिपती सांगतात. चमत्कार तुम्हाला जसा घ्यायचा तसा घ्या. मला त्यात दिसतं ते एवढं की नाथांनी मुलाशी वाद घालून त्याला जिंकलं नाही. ते त्याच्या अटींच्या आत जाऊन राहिले, वाट पाहिली. आणि ज्या जेवणाने मुलाचं मन पालटलं, तो स्वयंपाक, कथेनुसार, मुलालाच करायला लावला होता. ओलेत्याने चुलीपुढे हरिपंडित!

हे वाचलं आणि मला माझं उत्तर दिसलं. निदान अर्धं.

मधल्या काळात मी आईशी बोललो होतो आणि ते वाईट बोललो होतो. म्हणालो, "पुढच्या वर्षी सोवळ्याचं सगळं बाहेरून मागवू, करून देणारे आहेत आता." मला वाटलं, तिला हायसं वाटेल. तिने प्लास्टरचा हात मांडीवर ठेवला आणि म्हणाली, "मग मी काय करू त्या दिवशी?" थोड्या वेळाने म्हणाली, "ह्यांना अळूची भाजी माझ्याच हातची लागायची."

पीडा पीडा म्हणून मी जी काढून टाकायला निघालो होतो, तिच्यातच तिचं बाबांशी वर्षातलं एक बोलणं होतं. हे मला समजायला हवं होतं. कोडमधली एखादी जुनी ओळ कशासाठी आहे ते न पाहता उडवू नये, हे मी टीममधल्या पोरांना रोज सांगतो. घरात मात्र थेट उडवायला निघालो. 'अपीडयन्' म्हणजे फक्त अंगमेहनत कमी करणं नव्हे. आईला त्या स्वयंपाकघरातून बाहेर काढणं हीसुद्धा पीडाच. आणि भृत्य शब्दाचं म्हणाल, तर आमच्या घरात भरण करणारी आईच आहे, आम्हीच तिचे भृत्य.

तर या वर्षी असं केलं. आदल्या संध्याकाळी मी माझी धाबळी स्वतः धुऊन दांडीवर टाकली. पहाटे चारला उठलो, आंघोळ केली आणि स्वयंपाकघरात गेलो. आई खुर्ची घेऊन ओट्यापाशी बसली. पदार्थ तिने स्वतः कमी केले, भाज्या पाचाच्या दोन केल्या, पुरण काढलं. मी काही म्हटलं नव्हतं. अळू तिने चिरलं आणि फोडणीही तिनेच दिली, बसल्या बसल्या. बाकी मी. बायको या वर्षी सोवळ्यात होती, तिने खीर केली. माझे पहिले चार वडे तेलात फुटले. आई म्हणाली, "काय करायलास? पीठ सैल झालंय, थोडं तांदळाचं पीठ घाल." सहा तास उभा होतो. नऊच्या सुमारास पाय भरून आले तेव्हा सदुसष्ट आणि दोन्ही गुडघे, हा हिशोब पहिल्यांदा अंगाला कळला. आधी तो फक्त माहीत होता.

गुरुजींना मी आधीच सांगून ठेवलं होतं की मध्ये घरात काही झालं तर मी उठेन. ते म्हणाले, "उठा की. आचमन करून पुन्हा बसायचं. त्यात काय?" इतकं सोपं होतं ते. मी गेल्या वर्षीही विचारू शकलो असतो.

बायकोच्या प्रश्नाचं उत्तर मात्र अजून पूर्ण मिळालेलं नाही. ते मी तुमच्यापासून लपवत नाही. मी आईला सरळ विचारलं, समजा पुन्हा अडचणीच्या दिवशी तसंच झालं तर? आई बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "मी बोलावणार नाही. पण ती आली तर नाही म्हणणार नाही." बायकोला हे पुरेसं वाटलेलं नाही आणि तिला ते पुरेसं वाटावं असं मी तिला सांगणार नाही. माझं स्वतःचं मत विचाराल तर 'अपीडयन्' हा शब्द तिथे स्पष्ट बोलतो : पडलेल्या माणसाला उचलण्याआड येईल असं सोवळं श्लोकातल्या अटीत बसत नाही. पण आईचं मत माझ्या मताने बदलणार नाही. नाथ काशीहून मुलाच्या अटी घेऊन परत आले होते, हे मी स्वतःला आठवण करून देत असतो.

काका आले नाहीत. चुलतभावाबरोबर फळं पाठवली.

अजून एक राहिलं. नळाचं पाणी पुरलं नाही म्हणून आम्ही टँकर सांगितला होता. आमच्या शहरात पाणी येतं ते जायकवाडीहून, पैठणच्या धरणातून. १९७६ साली ते पूर्ण झालं आणि त्या जलाशयाचं नाव नाथसागर. नाथांच्या घरी देव श्रीखंड्या होऊन गोदेवरून कावडीने पाणी आणत असे म्हणतात, बारा वर्षं. नाथषष्ठीच्या आधी वाड्यातला तो रांजण भरायला आजही लोक जातात. म्हणजे तेच पाणी आमच्याकडे टँकरने आलं, साडेबारा वाजता, ऐन पानं वाढायच्या वेळी.

टँकरवाल्याने नळी लावली आणि दारात उभा राहिला. वडे तळलेले होते, वास रस्त्यापर्यंत जात होता. तो हसून म्हणाला, "काय कार्यक्रम आहे का साहेब?"

मी आईकडे पाहिलं. आई म्हणाली, "आधी ब्राह्मण जेवू देत, मग त्याला पान वाढू. थांबायला सांग त्याला."

मी त्याला थांबायला सांगितलं. नाथांच्या श्राद्धाची गोष्ट मी त्या पंधरवड्यात निदान चार वेळा वाचली होती. सकाळी सहा वाजता, वडे वळताना, मनात तीच चालू होती. तरी मी त्याला थांबा म्हणालो. तो पाच-दहा मिनिटं थांबला, घड्याळ पाहिलं, नळी गुंडाळली. "पुढची फेरी आहे साहेब, एन-सहाला," म्हणाला, आणि गेला.

जेवणं झाल्यावर आईनेच डबा भरला, आठवणीने. वडे, खीर, अळू. मी त्याला फोन लावला, कुठे आहेस म्हणून. तो हर्सूलच्या पुढे पोचला होता. आमच्या गल्लीत पुन्हा कधी येणार विचारलं.

शनिवारी, म्हणाला.

राम कृष्ण हरी.